पिवळं तिकीट आणि बाकीचं सामान

रविवारी प्रयोग आहे, हॉल दुपारी तीनला मिळतोय, तेव्हा सामान शनिवारी रात्रीच भरायचं, सकाळी भरू म्हटलं की काहीतरी राहतंच. सगळ्यात आधी पिवळं तिकीट, म्हणजे झारच्या रशियात वेश्या म्हणून नोंद झालेल्या बाईला पोलीस द्यायचे तो कागद. आपल्या नाटकात कुणी बोलत नाही, म्हणजे जे काय बोलायचं ते ह्या कागदानेच, आणि परवाच्या तालमीत वरच्या लाइटला अंबर जिलेटिन (पिवळसर रंगाचा पारदर्शक कागद) लावलं तर तो चक्क पांढरा दिसायला लागला, गोष्टच गेली! म्हणून पोलिसांच्या ऑफिसात साधा पांढरा लाइट आणि तिकीट हळदीसारखं गडद, वहीच्या पानाएवढं, खरं असेल त्यापेक्षा मोठं झालं तरी चालेल पण शेवटच्या रांगेला दिसलं पाहिजे. चार काढा, नायिकेच्या हाताच्या घामाने चोळामोळा होतं.

पत्रक दारातच वाटायचं, स्टेजवरून वाचायचं नाही. मजकूर एवढाच की झारच्या रशियात ज्यूंना साम्राज्याच्या पश्चिमेकडचा ठरलेला पट्टा सोडून राहायला बंदी, सेंट पीटर्सबर्गला, म्हणजे तेव्हाच्या राजधानीत, राहायचं तर खास परवानगी लागायची, आणि वेश्या म्हणून नोंद झाली की पोलीस बाईचा पासपोर्ट ठेवून घ्यायचे आणि पिवळं तिकीट द्यायचे, शिवाय ठरल्या वारी डॉक्टरची तपासणी. राजधानीत हा कारभार १८४३ला सुरू झाला तो १९१७ला बंद झाला. आपली मुलगी शिकायला आलीय आणि राहता यावं म्हणून नाव नोंदवते. शेवट लिहू नका प्लीज.

भिंतीवरचा झार निकोलस दुसरा नीट बघून प्रिंट करा, मागे इंग्लंडचा राजा पाचवा जॉर्ज आला होता (चूक तरी कशी म्हणायची, मावसभाऊ ते, दाढीसकट सारखे). हवालदाराला काळा लांब कोट आणि कमरेला तलवार, ती खुळखुळत नाही ना ते चालून बघ रे, कारण मला अख्ख्या नाटकात मोठा आवाज एकच हवाय, शिक्क्याचा. त्यासाठी टेबल पोकळ घ्या.

तिच्या स्कर्टला प्रेक्षकांच्या बाजूला खिसा शिवायचा राहिलाय. तिकीट मिळाल्यावर तू रडायचं नाहीस गं, पिवळी बाजू आत घालून घडी करायची, खिशात ठेवायची, परत काढून अजून लहान घडी. घाई नको, खोकू देत लोकांना.

आणि तिचा पासपोर्ट ज्या ड्रॉवरमध्ये जातो तो अर्ध्यात अडकतो, मेणबत्ती घासा.