करारभंगाच्या दाव्यात साक्षीदाराची उलटतपासणी कशी करावी

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 18, नियम 4 नुसार साक्षीदाराची सरतपासणी, म्हणजे ज्याने त्याला आणले त्या पक्षातर्फे होणारा पहिला जबाब, शपथपत्रावर होते. ते शपथपत्र बहुतेक वेळा वकिलाने विचारपूर्वक तयार केलेले असते, त्यामुळे साक्षीदार स्वतःच्या शब्दांत बोलतो तो उलटतपासणीतच, म्हणजे विरुद्ध पक्ष त्याला प्रश्न विचारतो तेव्हा. भारतीय साक्ष अधिनियम, 2023 च्या कलम 143 प्रमाणे उलटतपासणी हा विरुद्ध पक्षाचा हक्क आहे आणि प्रश्न सरतपासणीत आलेल्या गोष्टींपुरतेच मर्यादित ठेवण्याचे बंधन नाही. ते वादाशी संबंधित असले पाहिजेत, एवढेच.

तयारीची सुरुवात न्यायालयाने काढलेल्या वादमुद्द्यांपासून, म्हणजे दाव्यात ठरवायच्या प्रश्नांपासून, करावी. शपथपत्राचा प्रत्येक परिच्छेद वाचताना ही गोष्ट साक्षीदाराला प्रत्यक्ष माहीत आहे की ऐकीव आहे, दाखल कागद तिच्याबद्दल काय सांगतात आणि आपल्या कैफियतीत (दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरात) तिला काय उत्तर दिले आहे, हे समासात लिहून ठेवावे. वादीतर्फे त्याचा मुखत्यारधारक (मुखत्यारपत्राने नेमलेला प्रतिनिधी) साक्ष देत असेल, तर व्यवहाराच्या वेळी तो स्वतः हजर होता का, हे आधी विचारावे, कारण मुखत्यारपत्र देणाऱ्याच्या वैयक्तिक माहितीतील गोष्टींबद्दल मुखत्यारधारक त्याच्या वतीने साक्ष देऊ शकत नाही.

करार लेखी असेल तर अमुक अटीचा अर्थ काय, असे साक्षीदाराला विचारण्यात वेळ घालवू नये. अर्थ लावणे हे न्यायालयाचे काम आहे आणि लेखी अटींना छेद देणारा तोंडी पुरावा, फसवणूक किंवा चूक यांसारखे अपवाद सोडल्यास, चालत नाही. प्रश्नांचा रोख अटींच्या पालनावर असावा: माल कधी पोचला, नाकारल्याचे पत्र कधी पाठवले, नोटीस देण्यापूर्वी किती रक्कम स्वीकारली.

नुकसानभरपाईचा भाग माझ्या मते सर्वांत दुर्लक्षित राहतो. यंत्र उशिरा मिळाल्याने लाखोंचे नुकसान झाले, असे वादी म्हणत असेल, तर दुसरीकडून यंत्र घेण्याचा प्रयत्न केला होता का, त्याचे दरपत्रक आहे का, मागील वर्षांची हिशेबवही दाखल केली आहे का आणि रकमेची आकडेमोड कोणी केली, हे एकेक करून विचारावे. भारतीय करार अधिनियम, 1872 च्या कलम 73 च्या स्पष्टीकरणानुसार, गैरसोय दूर करण्याची कोणती साधने उपलब्ध होती, हे नुकसान ठरवताना पाहावे लागते. एका प्रश्नात एकच तथ्य असावे. कारण विचारणारा ‘का’ आणि ‘कसे’ हे शब्द शक्यतो टाळावेत, कारण ते साक्षीदाराला खुलासा करायला जागा देतात.

आपली बाजू साक्षीदारापुढे सूचनेच्या रूपात, म्हणजे ‘असे घडले, हे खरे आहे ना?’ असे विचारून, मांडलीच पाहिजे. ज्या विधानाला आव्हान दिले गेले नाही, ते मान्य आहे, असे न्यायालय धरू शकते. मात्र साक्षीदाराने नकार दिल्यावर होणाऱ्या ‘असे म्हणणे खरे नाही की...’ या नोंदीने आपली सूचना सिद्ध होत नाही; तिच्यासाठी स्वतंत्र पुरावा द्यावाच लागतो.

जुन्या पत्राने साक्षीदाराला खोडून काढायचे असेल, तर साक्ष अधिनियमाच्या कलम 148 प्रमाणे आधी पत्रातील नेमका भाग त्याच्या नजरेस आणावा. असा कागद आधी दाखल न करता उलटतपासणीसाठी राखून ठेवता येतो, आणि साक्षीदार स्वतः पक्षकार असला तरी हीच सवलत लागू होते, हे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर 2023 मध्ये स्पष्ट केले आहे.

प्रतिवादीचा बचाव न्यायालयाने रद्द केला असला तरी वादीचे म्हणणे खोटे आहे, हे दाखवण्यापुरती उलटतपासणी त्याला करता येते; स्वतःची वेगळी हकीकत मात्र त्यातून आणता येत नाही. तारखेला गैरहजर राहिल्यामुळे ‘उलटतपासणी नाही’ असा आदेश झाला, तर कारण आणि कागदपत्रांसह तो रद्द करण्याचा अर्ज विनाविलंब द्यावा. साक्षीदाराला पुन्हा बोलावण्याचा आदेश 18, नियम 17 मधील अधिकार न्यायालयाचा आहे आणि राहून गेलेले प्रश्न भरून काढण्यासाठी तो सहसा वापरला जात नाही.

जबाब बहुधा प्रश्नोत्तरांऐवजी सलग कथनाच्या रूपात लिहिला जातो, म्हणून साक्षीदाराने सही करण्यापूर्वी तो वाचून पाहावा आणि एखादे उत्तर वेगळे नोंदले गेले असेल तर तिथेच दुरुस्तीची विनंती करावी.