कपाशीवर फवारणी करताना या चुका टाळा

जुलै संपत आला की फोन सुरू होतात. "दादा, तुडतुडे मरतच नाहीत. औषध डुप्लिकेट आलं काय?" एखाद्या वेळी असेलही. पण बहुतेकदा औषध खरंच असतं. कीड त्याला सरावलेली असते, आणि तिला सराव आपणच दिलेला असतो.

बाटली नवी, औषध तेच

काटोलकडे आमच्या मामांची चार एकर पऱ्हाटी, म्हणजे कपाशी. पानं कडेनं लाल पडून वाटीसारखी वळलेली. मामा म्हणाले, "चार फवारे मारले, दरवेळी वेगळं औषध." मी रिकाम्या बाटल्या अन् पुड्या ओसरीवर मांडल्या आणि मोठ्या नावाखाली बारीक अक्षरात छापलेलं रासायनिक नाव वाचायला घेतलं. इमिडाक्लोप्रिड, अ‍ॅसिटामिप्रिड, थायामेथोक्झाम, अन् परत इमिडाक्लोप्रिड, फक्त कंपनी दुसरी. चारही निओनिकोटिनॉइड गटातली, किडीच्या मज्जासंस्थेवर एकाच ठिकाणी घाव घालणारी. पहिल्या फवाऱ्यातून जे तुडतुडे वाचले, त्यांचीच पिलावळ पुढच्या तीन फवाऱ्यांना पुरून उरली. त्यात बीटीचं (बोंडअळीला मारणारं जनुक घातलेलं) बियाणं बहुधा इमिडाक्लोप्रिड चोळूनच येतं. म्हणजे पहिला डोस पेरतानाच पडलेला असतो.

मी फवारणीच्या तारखेखाली भिंतीवरच्या कॅलेंडरवर रासायनिक नाव लिहून ठेवतो. पुढची खरेदी ते पाहून, गट बदलून. फ्लोनिकॅमिड वेगळ्या गटातलं आहे, पण तेच लागोपाठ मारलं तर त्याचीही तीच गत होईल. सुरुवातीच्या दोन महिन्यांत मी शक्यतो 5 टक्के निंबोळी अर्कावर भागवतो: 5 किलो निंबोळ्या कुटून रात्रभर भिजवायच्या, गाळून 100 लिटर पाणी करायचं. नव्या पोरांना हे पटत नाही. त्यांना सकाळी फवारलं की संध्याकाळी कीड पडलेली दिसायला हवी. ढालकिडे, क्रायसोपा हे कीड खाणारे आपले सोबती त्या घाईत आधी मरतात.

एका पंपात तीन औषधं

दोन-तीन औषधं एकत्र कालवून फवारतात, याचा मला मनापासून राग येतो. 2017 च्या हंगामात यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेनं 20 हून जास्त शेतकरी-शेतमजूर गेले. त्याच वर्षी आमच्या शेजारचा पोरगा भर दुपारी, वाऱ्याच्या तोंडावर, नुसत्या बनियनवर डोक्याइतक्या पऱ्हाटीत फवारत होता. संध्याकाळी घामानं निथळला, तोंडातून लाळ, डोळ्यांच्या बाहुल्या मोहरीएवढ्या. आम्ही त्याला नागपूरला आणलं. डॉक्टरांनी पहिलाच प्रश्न केला, "कोणतं औषध होतं?" कोणालाच सांगता येईना. तिन्ही बाटल्या धुऱ्यावर फेकलेल्या. ऑरगॅनोफॉस्फेट गटातलं असेल तर उतारा म्हणून अ‍ॅट्रोपिन देतात, पण प्रत्येक विषावर ते चालत नाही. लक्षणं बघूनच उपचार सुरू झाले आणि पोरगा वाचला, पण ती रात्र त्याच्या आईनं कशी काढली ते मी पाहिलंय.

तेव्हापासून फवारणी सकाळी लवकर, वाऱ्याकडे पाठ करून. पूर्ण बाह्यांचा शर्ट, हातमोजे, मास्क, चष्मा. बाटली संध्याकाळपर्यंत फेकायची नाही. काही झालं तर माणसाबरोबर बाटलीही दवाखान्यात.

नोझल तोंडानं फुंकू नका. तार किंवा जुना ब्रश वापरा.

औषधाच्या बाटलीत तेल-पाणी भरू नका, कितीही धुतली तरी.

शेजाऱ्यानं फवारलं म्हणून फवारू नका. पान उलटून पाहा. पानामागे तुडतुड्यांची दोन-तीन पिल्लं दिसेपर्यंत थांबा. गुलाबी बोंडअळीसाठी कामगंध सापळा (मादीच्या वासानं नर पतंग ओढणारा) लावा आणि सलग तीन रात्री आठ-आठ पतंग सापडले तरच पंप उचला.

आणि फरदड, म्हणजे हंगाम संपल्यावरही पऱ्हाटी राखून घेतलेलं पीक, घेऊ नका. बोलगार्ड हे बीटी बियाणं 2002 साली आलं, 2006 मध्ये दोन जनुकांचं आलं, गुलाबी अळीनं दोन्ही पचवलं. कपाशी हेच तिचं मुख्य खाद्य. मार्चपर्यंत पऱ्हाटी उभी ठेवली तर औषधाला न दबलेल्या अळ्या आपण पुढच्या हंगामासाठी पोसून ठेवतो. डिसेंबर संपता संपता शेत मोकळं करा आणि पऱ्हाट्यांचा ढीग धुऱ्यावर रचू नका, अळी त्यातल्या कवड्या (किडून नीट न उमललेल्या) बोंडांतही जगते.