प्लस मेझवर चिंताशामक औषध तपासताना

नवी मुंबईत एम.फार्म.चा प्रबंध चिंताशामक औषधावर घेतलात, की पहिली गाठ एलिव्हेटेड प्लस मेझशी पडते. हा जमिनीपासून उंचावर ठेवलेला अधिकच्या (+) आकाराचा मंच: दोन आर्म (फाटे) उघडे, दोन भिंतींनी बंद. घाबरलेला उंदीर बंद आर्ममध्ये राहतो, चिंता कमी झाली की उघड्या आर्मवर जास्त वेळ काढतो. प्राणी नीतिसमितीची मंजुरी हातात येईपर्यंत उंदीर मागवू नका.

मेझ अ‍ॅक्रिलिकवाल्याकडून करून घ्या. छोट्या पांढऱ्या उंदरासाठी चारही आर्म ३० × ५ सेंमी, बंद आर्मच्या भिंती १५ सेंमी, मध्ये ५ × ५ सेंमीचा चौक, जमिनीपासून उंची ४० सेंमी. पृष्ठभाग चकचकीत नको, उघड्या आर्मवर पाय घसरतात.

तुलनेला डायझेपाम हे जुनं चिंताशामक, १ मिग्रॅ/किग्रॅ, पोटाच्या पोकळीत टोचून, चाचणीच्या ३० मिनिटे आधी. गडबड होते ती इथेच. ५ मिग्रॅ/मिलीच्या अँप्यूलमध्ये सरळ पाणी ओतलं की द्रव दुधाळ होतो. डायझेपाम पाण्यात विरघळत नाही. अँप्यूलमध्ये त्याला प्रॉपिलीन ग्लायकॉल आणि अल्कोहोलने धरून ठेवलेलं असतं. मग एका उंदराला जास्त, दुसऱ्याला जवळपास काहीच नाही. त्यापेक्षा डायझेपामची १० मिग्रॅ पावडर खलात ट्वीन ८० च्या (पावडर पाण्यात मिसळायला मदत करणाऱ्या द्रवाच्या) दोन थेंबांत घोटा, सलाइन थोडं थोडं घालत १० मिली करा, मग दहापट पातळ करा. २५ ग्रॅमच्या उंदराला ०.२५ मिली. प्रत्येक वेळी सिरिंज भरण्याआधी बाटली हलवा. कंट्रोल गटालाही (औषध न दिलेल्या उंदरांनाही) तेच ट्वीन-सलाइन द्यायचं, नुसतं सलाइन नाही.

उंदीर तासभर आधी खोलीत आणून ठेवा. चौकात, तोंड उघड्या आर्मकडे करून सोडा. ५ मिनिटं मोजा. चारही पाय आर्ममध्ये गेले तरच ती एंट्री धरा. दोन उंदरांच्या मधे मेझ अल्कोहोलने पुसून पूर्ण वाळू द्या. पावसाळ्यात वाळायला वेळ लागतो, आणि घाई केली की पुढचा उंदीर वासच घेत बसतो. गणपतीत बाहेर ढोल-ताशा सुरू असेल तर त्या दिवशी चाचणी नकोच. दचकलेला उंदीर जागीच थिजतो.

उघड्या आर्ममधला वेळ वाढला म्हणून लगेच खूश होऊ नका. आधी बंद आर्मच्या एंट्री बघा. त्या कमी झाल्या असतील तर औषधाने नुसती गुंगी आणलेली असू शकते. खूप वाढल्या असतील तर उंदीर नुसताच धावतोय. शिवाय हा मेझ डायझेपामच्या जातकुळीला जास्त झुकतं माप देतो. चिंतेवरच्या पॅरॉक्सेटिनसारख्या गोळीचा माणसात गुण यायला काही आठवडे लागतात, आणि इथे एका डोसवर ती बहुधा कोरीच दिसते. तेवढ्यावरून नवं औषध बाद करू नका.

उंदीर वाचवायला तोच पुन्हा मेझवर चढवू नका. एकदा मेझ पाहिलेल्या उंदरावर दुसऱ्या वेळी डायझेपामचाही असर दिसेनासा होतो.