मालवणात बसून स्विस अभिनेत्रीची कारकीर्द कशी पाहावी

स्विस अभिनेत्री डेलिया मायरपासून सुरुवात करा. 'टाटोर्ट' ही पोलीसकथांची मालिका जर्मन टीव्हीवर 1970 पासून चालू आहे. त्यातल्या लुत्सर्न या स्विस शहराच्या भागांत 2019 पर्यंत ती लिझ रित्शार्ड ही तपास अधिकारी होती. दर भाग साधारण नव्वद मिनिटांचा.

जर्मनीत रविवारी रात्री सव्वाआठला लागतो. म्हणजे आपल्याकडे उन्हाळ्यात पावणेबारा, थंडीत पाऊण. जागरण करू नका. दुसऱ्या दिवशी नेटवर शोधा. भारतातून सगळेच भाग उघडत नाहीत, आणि पावसात आमच्याकडे वीज गेली की प्रश्नच मिटला.

पहिला भाग 2018 चा घ्या: 'दी मुझिक श्टिर्ब्ट त्सुलेत्स्ट'. लुत्सर्नच्या संगीत सभागृहातली गोष्ट, पूर्ण चित्रपट एकाच सलग शॉटमध्ये. कट नाही म्हणजे चुकलं तर लपवायला जागा नाही. दशावतारात रात्रभर उभं राहणाऱ्यांना हे वेगळं सांगायला नको. कथेपेक्षा कॅमेरा कुणाच्या मागे जातो ते बघा. गोष्ट मला जरा पसरट वाटली.

मग कान लावा. स्विस भाग स्विस बोलीत चित्रित होतात आणि जर्मनीसाठी प्रमाण जर्मनमध्ये डब होतात. दोन्ही मिळाले तर एकच प्रसंग आधी बोलीत ऐका. जर्मन येत नसेल तर सबटायटल लावा, त्यात लाज कसली!

पुढे 2020 पासूनचे झुरिकचे भाग: कारोल शूलर आणि आना पिएरी त्स्युर्शर, दोघीही स्विस अभिनेत्री.