फिरोजशहा मेहता यांचे पालिकाचरित्र कसे लिहावे

वकिलीतून शहराच्या कारभारात आलेल्या सुधारकाचे चरित्र लिहिताना हात आधी त्याच्या भाषणांकडे जातो. फिरोजशहांच्या बाबतीत हा मोह आवरावा आणि प्रथम महापालिकेचा कायदा वाचावा, कारण मुंबईला त्यांनी दिलेली सर्वांत टिकाऊ देणगी तेथेच सापडते.

1845 मधील जन्म, इंग्लंडमधील शिक्षण आणि 1868 मधील बॅरिस्टरी यांना एक परिच्छेद पुरेसा आहे. खरा मुक्काम 1871 च्या वादावर करावा. आयुक्त आर्थर क्रॉफर्ड यांच्या हाती जवळपास सारा कारभार होता, खर्च वाढला होता आणि करदाते संतापले होते. आयुक्ताचे अधिकार एखाद्या मंडळाकडे सोपवावेत, अशी मागणी जोर धरत असताना तरुण फिरोजशहांनी प्रवाहाविरुद्ध भूमिका घेतली: अंमलबजावणी एकाच जबाबदार अधिकाऱ्याकडे राहावी, मात्र त्याच्यावर करदात्यांनी निवडलेल्या सभेचा अंकुश असावा. दोष व्यक्तीत शोधण्याऐवजी रचनेत शोधण्याची ही वकिली नजर, माझ्या मते, संपूर्ण चरित्राची किल्ली आहे. ती वाचकाच्या हाती लवकर द्यावी.

त्यानंतर दोन कायदे शेजारी ठेवून वाचावेत. 1872 च्या कायद्याने 64 सदस्यांपैकी निम्मे करदात्यांनी निवडायचे ठरले. 1888 च्या कायद्याने सदस्यसंख्या 72 झाली आणि महापालिका, स्थायी समिती व आयुक्त यांच्यात अधिकारांची वाटणी झाली. हा दुसरा कायदा घडवताना फिरोजशहा प्रांतिक विधिमंडळात होते, म्हणून विधेयकावरील चर्चेत त्यांचा सहभाग तपासावा. बहुतेक चरित्रलेखक येथे घाईने पुढे जातात, याचे मला वाईट वाटते. अनेक दुरुस्त्यांसह आजही लागू असलेल्या या कायद्यासाठी दोन-तीन पाने राखून ठेवावीत.

पदनामाबाबत काटेकोर राहावे. त्यांनी 1884, 1885, 1905 आणि 1911 मध्ये महापालिकेचे अध्यक्षपद भूषवले. मुंबईत ‘महापौर’ हे पदनाम 1931 मध्ये, म्हणजे त्यांच्या मृत्यूनंतर सोळा वर्षांनी आले. ‘पहिल्या महापौरांपैकी एक’ असे लिहिणे म्हणूनच चूक ठरते.

1907 ची निवडणूक मात्र सविस्तर सांगावी. त्यांना पालिकेबाहेर ठेवण्यासाठी काही युरोपीय अधिकाऱ्यांनी जस्टिसेस ऑफ द पीस (सरकारने नेमलेले मानद दंडाधिकारी) या मतदारवर्गाच्या 16 जागांसाठी आपली यादी उभी केली आणि फिरोजशहा सतराव्या क्रमांकावर राहिले. पुढे निवडून आलेला एक सदस्य अपात्र ठरल्याने त्यांना जागा मिळाली. हा प्रसंग केवळ नाट्य म्हणून रंगवू नये. शहरातील त्यांचा दबदबा सरकारी वर्तुळाला किती खुपत होता आणि मतदारवर्गांची तत्कालीन विभागणी कोणाच्या पथ्यावर पडत होती, हे दोन्ही त्यातून उलगडून दाखवावे.