प्रवासात लोकल शेफच्या घरी कुकिंग क्लास: बुकिंगपासून घरी परत करून बघेपर्यंत

अनोळखी शहरात कुणाच्या तरी घरच्या किचनमध्ये उभं राहून तिथला स्वयंपाक शिकणं हा माझ्या मते ट्रिपमधला सगळ्यात भारी अर्धा दिवस ठरू शकतो, पण क्लास नीट निवडला तरच. नाहीतर काय होतं की शेफ ओट्याशी उभं राहून सगळं करतो, आपण मागून माना वर करून बघतो, मधे एकदा कुणीतरी कढईत चमचा फिरवून फोटो काढून घेतं, मग सगळे जेवतात आणि छापील रेसिपी घेऊन बाहेर पडतात. जेवण मस्त होतं पण शिकणं जवळपास काहीच होत नाही. म्हणून बुक करायच्या आधी एकच प्रश्न डोक्यात ठेवा, या तीन-चार तासांत माझ्या हातांना किती काम मिळणार आहे? बाकीचे बरेचसे निर्णय त्यावरूनच सुटतात.

असे क्लास शोधायला अ‍ॅप आणि साइट बऱ्याच आहेत. एअरबीएनबीचे एक्स्पिरियन्सेस, म्हणजे लोकल माणसांसोबत करायच्या गोष्टी, २०१६ मध्ये सुरू झाले, ईटविथवर घरचं जेवण आणि क्लास दोन्ही मिळतात, ट्रॅव्हलिंग स्पूनचा भर घरी शिकवणाऱ्यांवर आहे, आणि इटलीला जाणार असाल तर चेझारिने हे घरगुती स्वयंपाक करणाऱ्यांचं नेटवर्क आहे, ते २००४ साली बोलोन्यात सुरू झालं. याशिवाय जिथे राहणार तिथल्या मालकांना विचारा, पुष्कळदा त्यांच्या ओळखीत कुणीतरी असतं. फक्त ओळखीतून ठरवलंत तर पैसे किती, त्यात काय काय आलं, कॅन्सल झालं तर काय, हे आधी मेसेजवर लिहून घ्या. आणि अ‍ॅपवरून बुक केलं असेल तर पेमेंटही अ‍ॅपवरूनच करा, बाहेर पैसे पाठवायला सांगितलं तर सरळ नको म्हणा, कारण मग काही बिनसलं तर अ‍ॅपवाले हात वर करतात.

आता लिस्टिंग, म्हणजे क्लासचं अ‍ॅपवरचं पान, कसं वाचायचं. स्टार बघून काही कळत नाही, घरी बोलावून प्रेमाने खाऊ घातल्यावर कोण कमी स्टार देणार? रिव्ह्यूमधली क्रियापदं बघा. 'आम्ही मळलं, आम्ही कापलं, मला दोनदा करायला लावलं' असं लिहिलेलं दिसलं तर क्लास खरा. सगळीकडे 'त्यांनी दाखवलं, आम्ही गप्पा मारल्या, जेवण अप्रतिम' एवढंच असेल तर ती जेवणाची मैफल आहे, तीही छान असते पण तुम्हाला हवीये का ते ठरवा. फोटोत टेबलावर किती कटिंग बोर्ड आणि किती सुऱ्या आहेत तेही बघा, आठ माणसं आणि दोन बोर्ड म्हणजे सहा जण प्रेक्षक. घरच्या किचनला चार ते सहा जण हा आकडा मला सगळ्यात बरा वाटतो. त्याहून जास्त झाले की शेफचा निम्मा वेळ माणसं सांभाळण्यात जातो. आणि पदार्थ किती शिकवणार तेही बघा, तीन तासांत सहा पदार्थ म्हणजे अर्धी तयारी आधीच करून ठेवलेली असणार, मला विचाराल तर दोन-तीन पदार्थ शून्यापासून केलेले कधीही चांगले.

क्लास ट्रिपच्या सुरुवातीला ठेवा, दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी. पोचल्या दिवशी नको, झोप आणि दमणूक असते, लक्ष लागत नाही. शेवटच्या दिवशी नको कारण मग शिकलेलं वापरायलाच मिळत नाही. सुरुवातीला केलात तर पुढचे सगळे दिवस मेनू वाचताना कळतं काय मागवायचं, बाजारात वस्तू ओळखता येतात, आणि हॉटेलात तोच पदार्थ खाताना शेफने काय वेगळं केलं होतं तेही जिभेला समजतं. बाजारात फेरी असलेला क्लास मिळत असेल तर तोच घ्या, पण बाजार सकाळीच भरतो का ते विचारा, दुपारच्या बॅचमध्ये नुसती बंद दुकानं बघायला नको.

बुकिंग झालं की लगेच शेफला मेसेज टाका, हा भाग अजिबात टाळू नका. अ‍ॅलर्जी असेल तर 'मला अमुक चालत नाही' एवढं पुरत नाही, नाव घेऊन सांगा आणि किती गंभीर आहे तेही सांगा. त्याच तेलात तळलेलं, त्याच सुरीने कापलेलं चालेल की नाही हे स्पष्ट लिहा, कारण घरच्या किचनमध्ये वेगळी भांडी असतीलच असं नाही. जोरदार रिअ‍ॅक्शन येत असेल तर औषध खिशात आणि सोबतच्या एकाला ते कसं द्यायचं हे माहीत हवं. शाकाहारी असाल तर नुसतं शाकाहारी म्हणून थांबू नका कारण प्रत्येक ठिकाणी त्याचा अर्थ वेगळा घेतात, मासे चालतील असं समजणारे पुष्कळ भेटतील. हाडांचा स्टॉक, माशाचा सॉस, प्राण्यांची चरबी, जिलेटिन, चीजमधलं रेनेट (दूध घट्ट करायला घालतात, ते बरेचदा वासराच्या पोटातून काढलेलं असतं) यातलं काय काय नको ते एकेक लिहा, आणि भाषेची अडचण असेल तर त्यांच्या भाषेत ट्रान्सलेट करून पाठवा. गरोदर असाल तर कच्चं अंडं, कच्चा मासा, न तापवलेल्या दुधाचं चीज याबद्दल आधीच बोला. आधी सांगितलं की शेफ मेनू बदलू शकतो, दारात उभं राहून सांगितलं तर तो तरी काय करणार.

पत्ता बरेचदा बुकिंग झाल्यावरच मिळतो, ते ठीक आहे, घर आहे शेवटी कुणाचं तरी. मिळाला की मॅपवर बघा, रात्री परत कसं यायचं ते ठरवा आणि कुणाला तरी पत्ता आणि वेळ कळवून ठेवा, एकटे असाल तर नक्कीच.

त्या दिवशी पोट अगदी रिकामं ठेवू नका, जेवण बऱ्याच उशिरा मिळतं, पण भरपेट नाश्ताही नको. सुती कपडे, फार सैल बाह्या नकोत, केस बांधलेले. परफ्यूम लावू नका प्लीज, सगळा क्लास वासावर चालतो आणि छोट्या किचनमध्ये एकाचं परफ्यूम सगळ्यांना भोवतं. बऱ्याच घरांत चपला-बूट बाहेर काढतात, त्यामुळे बरे मोजे घाला. आणि वेळेवर पोचा, लवकर नाही. अर्धा तास आधी गेलात तर शेफ अजून घर आवरत असतो.

किचनमध्ये शिरल्यावर आधी साबणाने वीस सेकंद हात धुवा, आणि मग काम मागून घ्या. हे मी मुद्दाम सांगतेय कारण ग्रुपमध्ये बोलकी माणसं पटकन पुढे होतात आणि लाजणारे भांडी पुसत राहतात. जी गोष्ट तुम्हाला घरी जमत नाही तीच मागा, पीठ मळणं असेल, तळणं असेल, सॉस घट्ट करणं असेल. कापणं तर कुठेही येतं. एकदा शेफने केलेलं बघा, मग तुम्ही करा आणि 'बरोबर झालंय का, हात लावून सांगा ना' असं म्हणा. पिठाचा मऊपणा शब्दांत सांगता येत नाही, बोटांनीच कळतो.

आता सगळ्यात महत्त्वाचं, नोट्स. वेळ आणि माप लिहीत बसण्यापेक्षा खुणा लिहा. का ते सांगते. शेफची शेगडी आणि तुमची शेगडी वेगळी, भांड्याची जाडी वेगळी, आणि शहर उंचावर असेल तर पाणीसुद्धा कमी तापमानाला उकळतं, समुद्रसपाटीपासून दर ३०० मीटरला साधारण १ अंश सेल्सियसने कमी. म्हणजे २००० मीटरवर ते ९३ अंशांच्या आसपासच उकळतं, तिथे कडधान्य शिजायला लागलेला वेळ तुमच्या घरी उपयोगाचा नाही. कपही सगळीकडे सारखा नसतो, अमेरिकन कप साधारण २४० मिली आणि मेट्रिक कप २५० मिली. टेबलस्पून बहुतेक ठिकाणी १५ मिली पण ऑस्ट्रेलियात २०. म्हणून शेफने 'पाच मिनिटं परता' म्हटलं की विचारा, पाच मिनिटांनी काय दिसायला हवं, कसला वास यायला हवा, आवाज कसा बदलतो? आवाजाकडे खरंच लक्ष द्या. कांदा तेलात टाकल्यावर जो चुर्रर आवाज येतो तो त्यातलं पाणी वाफ होऊन जाण्याचा असतो, पाणी आहे तोवर कांदा १०० अंशांच्या फारसा वर जात नाही आणि तोवर त्याला नीट रंग धरत नाही. आवाज बसला की पाणी संपत आलं, मग तापमान चढतं आणि साधारण १४० अंशांच्या पुढे तांबूस व्हायला आणि खमंग वास यायला सुरुवात होते. रोज स्वयंपाक करणारे हे सगळं घड्याळाकडे न बघता ओळखतात, आणि तुम्ही त्यांच्या घरी आलात ते खरं तर हेच घ्यायला.

शेफने मुठीने काही घातलं तर 'एक मिनिट' म्हणून ती मूठ वजनकाट्यावर किंवा चमच्याने मोजून घ्या, कुणी रागावत नाही. पाकिटांच्या लेबलचे फोटो काढा. हातांचे दहा-पंधरा सेकंदांचे व्हिडिओ काढा, विचारून, आणि चेहरे, घरातली मुलं, दारावरचा नंबर यात येऊ देऊ नका.

प्रश्न विचारायचे तर हे विचारा: ही वस्तू मिळाली नाही तर काय घालू, यातली कुठली पायरी तुम्ही रोजच्या गडबडीत गाळता, आणि नवखे लोक नेमकं कुठे चुकतात? दुसऱ्या प्रश्नाला सगळ्यात चांगली उत्तरं मिळतात. पाहुण्यांसमोर करायची पद्धत आणि मंगळवारी ऑफिसातून आल्यावर करायची पद्धत यात फरक असतो आणि तुम्हाला घरी दुसरीच लागणार आहे.

स्वच्छतेचं संकोच न करता बघा. कच्च्या चिकनचा बोर्ड आणि सुरी सॅलडला वापरताना दिसली तर हसून 'मी धुऊन घेते' म्हणा आणि धुवा. चिकन आतपर्यंत ७४ अंशांना शिजलं पाहिजे. कच्चं पीठ किंवा कणीक चाखू नका, पिठातही जंतू असू शकतात. प्यायचं पाणी कुठलं ते विचारून घ्या आणि बर्फाचंही. उरलेलं अन्न डब्यात दिलं तर दोन तासांत फ्रिजमध्ये गेलं पाहिजे, हवा खूप गरम असेल तर तासाभरात. रूमवर फ्रिज नसेल तर मोह आवरा.

जेवायला बसल्यावर फोन बाजूला ठेवा, घरातल्यांशी बोला. निघताना टीपची पद्धत तिथे आहे की नाही ते आधी वाचून आलेलं बरं. रिव्ह्यू लिहाल तेव्हा किती जण होतो, कुणी काय काय केलं, अ‍ॅलर्जी कशी सांभाळली हे लिहा, पुढच्याला त्याचाच उपयोग होतो.

त्याच रात्री झोपायच्या आधी नोट्स पूर्ण करा, सकाळपर्यंत निम्म्या खुणा डोक्यातून जातात. सामान आणायचं असेल तर कोरडं, कंपनीचं सीलबंद आणि लेबल असलेलं घ्या. मांस, दूध-चीज, ताजी फळं-भाज्या, बिया यांवर बऱ्याच देशांत बंदी किंवा कडक नियम आहेत, युरोपियन युनियनमध्ये तर बाहेरच्या बहुतेक देशांतून मांसाचे आणि दुधाचे पदार्थ सामानात आणूच देत नाहीत. त्यामुळे परतताना ज्या देशात उतरणार तिथल्या कस्टम्सची साइट बघा आणि शंका असेल तर डिक्लेअर करा. पेस्ट आणि सॉस विमानतळावर लिक्विडमध्येच धरतात, बऱ्याच ठिकाणी केबिन बॅगेत १०० मिलीच्या वर जाऊ देत नाहीत. शेफसारखी सुरी घेतली असेल तर चेक-इन बॅगेत, नीट गुंडाळून.

आणि घरी पोचल्यावर पहिल्या आठवड्यातच तो पदार्थ करा, फक्त एकच, आणि शक्यतो पाहुण्यांशिवाय. कुठे अडलं ते लिहून शेफला फोटोसकट मेसेज करा, बरेच जण उत्तर देतात, आणि आता तुमचा प्रश्न तुमच्याच शेगडीवरचा असल्यामुळे उत्तरही नेमकं मिळतं. मग ते सुधारून दुसऱ्यांदा करा.