इश्तवान साबोचे पिक्चर बघायचेत? मेफिस्टोपासून सुरू करू नका

हंगेरीचा दिग्दर्शक इश्तवान साबो म्हटलं की सगळे थेट मेफिस्टो लावतात, कारण 1981 च्या त्या पिक्चरने हंगेरीला परभाषिक गटातलं पहिलं ऑस्कर मिळवून दिलं. माझं ऐकाल तर तो तिसरा बघा. साबो बहुतेक पिक्चर स्वतः लिहितो नाहीतर लिहिण्यात सामील असतो, आणि आयुष्यभर एकच गोष्ट उकरत बसलाय, सत्ता बदलत राहते तेव्हा माणूस तगून राहण्यासाठी स्वतःचं काय काय विकतो. हे आधी छोट्या पिक्चरमधून अंगात भिनलं की मेफिस्टो जास्त चढतो.

सुरुवात 1966 च्या फादरने करा. साबोचा जन्म 1938 चा, वडील डॉक्टर होते, युद्ध संपता संपता गेले, आणि पिक्चरमधला मुलगाही मेलेल्या डॉक्टर बापाच्या शौर्याच्या गोष्टी रचत मोठा होतो. त्यातला एक सीन नीट बघा, पोरगा शूटिंगला एक्स्ट्रा म्हणून गेलाय, अंगावर ज्यूंचा पिवळा तारा, हाकलत नेल्या जाणाऱ्या लोकांच्या रांगेत उभा आणि तेवढ्यात त्याला तिथून काढून पहारेकऱ्यांच्या बाजूला उभं करतात, बस्स, एका मिनिटात बाजू बदलली. पुढचा अख्खा साबो या सीनमध्ये आहे.

मग 1980 चा कॉन्फिडन्स. 1944 चं नाझींच्या ताब्यातलं बुडापेस्ट, एकमेकांना न ओळखणारे एक बाई आणि एक पुरुष खोट्या नावाने नवरा-बायको बनून भाड्याच्या खोलीत लपलेत, बाकी काही घडत नाही असं वाटतं, पण फोन ठेवून चेहरे बघा. साबोचा सगळा भरवसा क्लोजअपवर, आणि लायोश कोल्ताईचा कॅमेरा त्याला पुरून उरतो. याला बर्लिन फिल्म फेस्टिव्हलमध्ये दिग्दर्शनाचं सिल्व्हर बेअर मिळालं.

आता मेफिस्टो, मग कर्नल रेडल (1985) आणि हानुसेन (1988), तिन्हीत मुख्य नट क्लाउस मारिया ब्रँडाउअर. लागोपाठ बघू नका, डोकं जड होतं. मेफिस्टोतला नट नाझींच्या मर्जीत राहून वर चढतो आणि शेवटी रिकाम्या स्टेडियममध्ये सर्चलाइटच्या झोतात सापडतो, तिथे त्याच्या चेहऱ्यावर नट उरलाय की माणूस, हे बघा.

हे झाल्यावरच पुढचं वाचा, आधी नको. हंगेरीतल्या 1956 च्या सोव्हिएतविरोधी उठावानंतर फिल्मचं शिक्षण घेताना साबो सोबतच्या लोकांवर गुप्त पोलिसांना रिपोर्ट द्यायचा, हे 2006 मध्ये तिथल्या एका साप्ताहिकात छापून आलं, मोठा गदारोळ झाला. त्यानंतर रेडल परत लावा, आपल्याच अधिकाऱ्यांवर पाळत ठेवणारा तो माणूस आता वेगळाच दिसतो. यावरून साबोला माफ करायचं की नाही ते तुमचं तुम्ही ठरवा, मला तरी पिक्चर यामुळे खोटे वाटत नाहीत, उलट जास्त टोचतात.

सनशाइन (1999) इंग्रजीत आहे, तीन तासांचा, रेफ फाइन्स एकाच ज्यू घराण्याच्या तीन पिढ्यांचे रोल करतो, ज्यू वाटणारं आडनाव सोनेनशाइन बदलून हंगेरियन वाटणारं शोर्श होतं तिथून गाडी घसरायला लागते. सुट्टीच्या दिवशी लावा. हलकंफुलकं हवं असेल तर बीइंग ज्युलिया (2004) आहे, अ‍ॅनेट बेनिंग मस्त, पण साबो कळायला त्याची गरज नाही.